जलद अतिविस्तृत प्राइम लेन्स पारखावी कशी? (सोनी १४ मि.मी. एफ/१.८ च्या निमित्ताने)

कातळकडा (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. मिररलेस कॅमेऱ्यासाठी अतिविस्तृत कोनाची आणि तरीही मोठ्या अ‍ॅपर्चरची (म्हणजे लहान एफ-क्रमांकाची, जास्त प्रकाश घेणारी ‘जलद’) प्राइम (एकाच फोकल लेंग्थची) लेन्स घ्यावी का, आणि घ्यायची असेल तर ती तपासावी कशी, यावर सविस्तर चर्चा व्हावी म्हणून हा धागा काढत आहे. माझ्यासमोरचा नमुना सोनीच्या एफई १४ मि.मी. एफ/१.८ जीएम या लेन्सचा आहे. २०२१ च्या एप्रिलमध्ये जाहीर झालेली ही लेन्स मी यंदाच्या उन्हाळ्यात भाड्याने आणली आणि ३३ मेगापिक्सेलच्या फुलफ्रेम कॅमेऱ्यावर, मुख्यतः सह्याद्रीतल्या रात्रींसाठी, वापरून पाहिली.

पहिली नोंद वजनाची करावी लागेल. लेन्सचे वजन ४६० ग्रॅम आहे आणि लांबी दहा सेंटिमीटरच्या आत. सिग्माने २०१७ मध्ये डीएसएलआरसाठी काढलेली १४ मि.मी. एफ/१.८ आर्ट ज्यांनी गडावर वाहून नेली असेल त्यांना या आकड्यांचे महत्त्व वेगळे सांगायला नको, कारण फोकल लेंग्थ आणि अ‍ॅपर्चर तेच असून तिचे वजन किलोच्या वर जाते. याचे कारण बऱ्याच अंशी माउंटमध्ये आहे. डीएसएलआरमध्ये आरशाला जागा हवी म्हणून माउंटपासून सेन्सरपर्यंतचे अंतर कॅननच्या ईएफ माउंटला ४४ मि.मी. आणि निकॉनच्या एफ माउंटला ४६.५ मि.मी. होते, त्यामुळे १४ मि.मी.च्या लेन्सला आपल्या फोकल लेंग्थच्या तिपटीहून लांब प्रतिमा टाकावी लागे आणि त्यासाठी पुढच्या बाजूला मोठमोठी ऋण भिंगे बसवावी लागत. ई माउंटला हेच अंतर १८ मि.मी. आहे, शेवटची भिंगे सेन्सरच्या जवळ बसवता येतात, आणि सगळी रचनाच आटोपशीर होते.

आता मुद्द्याकडे. या प्रकारच्या लेन्सची बहुतेक परीक्षणे मध्यभागाच्या तीक्ष्णतेपासून सुरू होतात आणि बरीचशी तिथेच संपतात. माझे मत असे झाले आहे की चांगल्या प्राइम लेन्सचा मध्यभाग आज कोणत्याही कंपनीचा घेतला तरी उत्तमच असतो आणि त्यावरून निवड करणे व्यर्थ आहे. एफ/१.८ साठी जास्तीचे पैसे मोजायचे असतील तर लेन्सची परीक्षा एफ/१.८ वरच, आणि तीही कोपऱ्यांत व्हायला हवी. एफ/४ पर्यंत बंद केल्यावर ती किती सुंदर दिसते हे कळून काय उपयोग? त्या कामाला साधा एफ/४ झूमही पुरतो.

कोपऱ्यांत मला दिसले ते असे. एफ/१.८ वर चौकटीच्या तीन-चतुर्थांश भागापर्यंत तारे नेटके, गोल ठिपके राहतात. अगदी टोकाच्या कोपऱ्यांत मात्र ठळक ताऱ्यांना दोन्ही बाजूंना बारीक पंख फुटतात. हा कोमा (कडेचा बिंदू धूमकेतूसारखा पसरणे) आणि अ‍ॅस्टिगमॅटिझम (दोन दिशांना वेगवेगळा फोकस होणे) यांचा एकत्रित परिणाम असतो. एफ/२.८ ला तो जवळजवळ नाहीसा होतो. छापील फोटोत हे पंख शोधावे लागतील, परंतु ज्येष्ठेसारखा तारा नेमका कोपऱ्यात आला तर ते लक्षात येतात.

विनेटिंग, म्हणजे कोपरे काळवंडणे, अधिक त्रासदायक वाटले. पूर्ण उघड्या अ‍ॅपर्चरला कोपरे चांगलेच दबतात. सॉफ्टवेअरमधले लेन्सदुरुस्तीचे प्रोफाइल लावले की ते उजळतात खरे, पण ही उजळणी फुकट मिळत नाही. कोपरा दोन स्टॉप दबलेला असेल (एक स्टॉप म्हणजे प्रकाश निम्मा) तर आयएसओ (सेन्सरची संवेदनशीलता) ३२०० वर काढलेल्या फोटोतला तो कोपरा आयएसओ १२,८०० वर काढल्यासारखा होतो, आणि अंधाऱ्या आकाशात तिथला नॉईज (दाणेदारपणा) उठून दिसतो. म्हणजे लेन्सच्या नावातले १.८ हे मध्यभागापुरते खरे आणि कडेला निम्मे-शिम्मेच.

तरीही एफ/२.८ पेक्षा एफ/१.८ मधून सुमारे २.४ पट प्रकाश येतो हे विसरता येत नाही. २० सेकंद आणि आयएसओ ३२०० वर जे मिळते त्यासाठी एफ/२.८ ला आयएसओ ८,००० च्या आसपास जावे लागेल.

माझा संभ्रम दोन गोष्टींबाबत आहे. सह्याद्रीतल्या आकाशासाठी १४ मि.मी. एवढा विस्तार खरोखर लागतो का? आणि दुकानात किंवा घरी, तारे नसताना, लेन्सचा आपल्याला मिळणारा नग निर्दोष आहे हे ओळखावे कसे?

रातकिडा

आपण कोपऱ्यांवर भर दिलात ते योग्यच झाले. पहिल्या प्रश्नाचे माझे उत्तर मात्र ‘बहुधा नाही’ असे आहे, आणि त्याचे कारण आपल्या अक्षांशात दडलेले आहे.

आकाशगंगेचे केंद्र धनू राशीत, खगोलीय विषुववृत्ताच्या सुमारे २९ अंश दक्षिणेला आहे. पुण्याचा अक्षांश साडेअठरा धरला तर याम्योत्तर (डोक्यावरून जाणारी दक्षिणोत्तर रेषा) ओलांडताना ते क्षितिजापासून ४२ ते ४३ अंशांवर येते. लंडनहून तेच केंद्र जेमतेम साडेनऊ अंश वर येते. युरोपातल्या छायाचित्रकारांचे सल्ले वाचून आपण लेन्स निवडतो तेव्हा हा फरक ध्यानात घेत नाही. मेच्या मध्यावर पहाटे तीनच्या सुमारास केंद्र दक्षिणेला सर्वांत उंच असते. तेव्हा २० मि.मी.ची लेन्स आडवी धरली तर उभ्या दिशेने ६२ अंश मिळतात. खाली कड्यासाठी दहा-बारा अंश सोडले की केंद्र चौकटीच्या वरच्या कडेकडे सरकते आणि चित्र कोंडल्यासारखे होते. तीच लेन्स उभी धरली की ८४ अंश मिळतात, आणि गडाची माची, बुरूज, केंद्र व त्यावरचा पट्टा सगळे मोकळेपणाने मावते. १४ मि.मी. आडवी धरून ८१ अंश मिळतात, म्हणजे २० मि.मी. उभी धरण्याइतकेच. फरक इतकाच की डावी-उजवीकडची जागा खूप वाढते आणि त्या जागेत आपल्याकडे बहुतेक वेळा शहराच्या दिव्यांचा पिवळा घुमट येतो. कोकणकड्यावरून पश्चिमेला पाहा, म्हणजे मला काय म्हणायचे आहे ते कळेल.

दुसरा मुद्दा एफ-क्रमांकाचा आहे. तारा बिंदुरूप असल्यामुळे त्याचा किती प्रकाश गोळा होतो हे लेन्सच्या प्रवेशछिद्राच्या व्यासावर ठरते आणि हा व्यास म्हणजे फोकल लेंग्थ भागिले एफ-क्रमांक. १४ मि.मी. एफ/१.८ चे छिद्र ७.८ मि.मी.चे आहे, २० मि.मी. एफ/१.८ चे ११.१ मि.मी.चे. क्षेत्रफळाने पाहिले तर दुपटीचा फरक पडतो. म्हणून २० मि.मी.च्या फोटोत अंधूक तारे अधिक येतात. सोनीची एफई २० मि.मी. एफ/१.८ जी तर ३७३ ग्रॅमची आहे आणि तिला पुढे ६७ मि.मी.चा साधा फिल्टर लागतो.

कातळकडा

ताऱ्यांबाबत आपले म्हणणे मान्य आहे, पण आकाशगंगेचा पट्टा बिंदुरूप नाही. पसरलेल्या उजेडाची सेन्सरवरची तीव्रता एफ-क्रमांकावरच ठरते आणि तिथे दोन्ही लेन्स बरोबरीच्या आहेत. उलट एक्स्पोजरच्या वेळेत १४ मि.मी. पुढे जाते. माझ्या सेन्सरचा पिक्सेल सुमारे ५.१ मायक्रॉनचा आहे. १४ मि.मी.ला एका पिक्सेलमध्ये सुमारे ७५ विकला (विकला म्हणजे अंशाचा ३,६०० वा भाग) मावतात, तारा सेकंदाला जास्तीत जास्त १५ विकला सरकतो, म्हणजे २० सेकंदांत चार पिक्सेलची रेघ होते. तेवढीच रेघ २० मि.मी.ला १४ सेकंदांतच उमटते. हा अर्ध्या स्टॉपचा फायदा मी सोडू इच्छित नाही.

रातकिडा

हिशेब बरोबर आहे, पण तो चौकटीच्या मध्याचा आहे. सरळ रेषा सरळ ठेवणाऱ्या अतिविस्तृत लेन्समध्ये कडेचे आकाश सेन्सरवर ताणून पसरवले जाते. १४ मि.मी.चा कोपरा मध्यापासून ५७ अंशांवर असतो आणि तिथे केंद्रापासून बाहेरच्या दिशेचा ताण मध्याच्या तुलनेत सुमारे ३.४ पट होतो. त्यामुळे कोपऱ्यातला तारा त्या दिशेने सरकत असेल तर आपली चार पिक्सेलची रेघ तिथे तेरा-चौदा पिक्सेलची होते.

यावरून एक सावधगिरीची सूचना करतो. आपण कोपऱ्यांत पाहिलेले ‘पंख’ सगळेच लेन्सचे असतील असे नाही. ताऱ्यांची रेघ ध्रुवाभोवतीच्या वर्तुळाचा भाग असते, म्हणून शेजारच्या ताऱ्यांच्या रेघा एकाच दिशेला झुकलेल्या दिसतात. लेन्सचा दोष चौकटीच्या मध्याभोवती सममित असतो, म्हणून डाव्या आणि उजव्या कोपऱ्यांत तो आरशातल्यासारखा उलटा दिसतो. आयएसओ वाढवून दोन-तीन सेकंदांचा एक फोटो त्याच चौकटीत काढावा. त्यातही पंख राहिले तर ते लेन्सचे समजावेत.

दगडी वाडा

मी आकाशाकडे फारसा पाहत नाही. माझे काम वाडे, मंदिरे आणि लेणी यांच्या अंतर्भागाचे आहे, त्यामुळे वर चाललेल्या हिशेबातला ‘ताण’ माझ्याकडे वेगळ्या रूपात येतो. गोल वस्तू कोपऱ्यात आली की १४ मि.मी.ला तिची लांबी रुंदीच्या १.८ पटीहून अधिक दिसते. खांबाचा कलश, कोनाड्यातली मूर्ती, आणि विशेषतः माणसाचा चेहरा तिथे येता कामा नये. हा लेन्सचा दोष नाही, सपाट सेन्सरवर एवढा कोन उतरवण्याची ती अपरिहार्य किंमत आहे आणि कितीही महाग लेन्स घेतली तरी ती चुकत नाही. ‘डिस्टॉर्शन (सरळ रेषा वाकण्याचा दोष) अगदी कमी’ असे परीक्षणात वाचून लोक खूश होतात आणि मग समूहछायाचित्रात कडेचे काका दुप्पट रुंद का झाले असे विचारतात.

अंतर्भागासाठी एफ/१.८ चा उपयोग मी मर्यादितच मानतो. जिथे ट्रायपॉड लावता येतो तिथे मी एफ/८ वर काम करतो आणि मग जलद लेन्सचे ओझे निरर्थक ठरते. मात्र पुरातत्त्व खात्याच्या स्मारकांत ट्रायपॉडला परवानगी लागते, अजिंठ्याच्या लेण्यांत फ्लॅशला मनाई आहे, आणि तिथला उजेड चित्रांच्या रक्षणासाठी मुद्दाम मंद ठेवलेला असतो. हातात धरून फोटो घ्यायचा तर एफ/१.८ आणि कॅमेऱ्यातले स्थिरीकरण यांचाच आधार उरतो. वेरूळच्या १० क्रमांकाच्या चैत्यगृहात दगडात कोरलेल्या फासळ्यांचे छत स्तूपावर झुकते. ते छत आणि स्तूप एकाच चौकटीत घ्यायला १४ मि.मी. फार उपयोगी पडते.

पण तिथे ‘एवढ्या रुंद लेन्सला सगळेच फोकसमध्ये असते’ या समजुतीवर विसंबू नये. हायपरफोकल अंतर म्हणजे जिथे फोकस केला की अनंतापर्यंत सारे पुरेसे तीक्ष्ण दिसते ते अंतर. सेन्सरवर ०.०३ मि.मी.पर्यंत फुगलेला ठिपका तीक्ष्ण मानण्याच्या जुन्या निकषाने १४ मि.मी. एफ/१.८ साठी ते ३.६ मीटर येते. आजच्या सेन्सरवर फोटो मोठा करून पाहायचा असेल तर निकष ०.०१ मि.मी. धरावा लागतो आणि तेच अंतर सुमारे ११ मीटर होते. जवळचा खांब आणि मागचा स्तूप दोन्ही तीक्ष्ण हवे असतील तर एफ/१.८ सोडावेच लागते.

कमी किमतीच्या किंवा अतिशय छोट्या लेन्स पाहणाऱ्यांनी आणखी एक तपासणी करावी. फोटोची रॉ (कॅमेऱ्याने प्रक्रिया न केलेली) फाइल प्रोफाइलशिवाय उघडून पाहावी. कॅननची आरएफ १६ मि.मी. एफ/२.८ एसटीएम ही अवघ्या १६५ ग्रॅमची लेन्स घ्या. तिचे पिंपासारखे फुगलेले डिस्टॉर्शन जवळजवळ पूर्णपणे सॉफ्टवेअरवर सोपवलेले आहे. किमतीच्या मानाने मी तिला नावे ठेवणार नाही, परंतु सुधारणेनंतर कोपऱ्यातला तपशील ताणून तयार केलेला असतो हे माहीत असावे. सोनीच्या १४ मि.मी.चे डिस्टॉर्शन मुळातच कमी आहे, आणि माझ्या दृष्टीने ही तिची एफ/१.८ पेक्षा मोठी जमेची बाजू आहे.

उत्तरायण

मी नॉर्वेत ट्रॉम्सोला राहतो. इथला अनुभव वेगळा असल्यामुळे लिहितो. वरची सगळी चर्चा स्थिर विषयांची आहे. तारे सरकतात, पण ठरल्या गतीने सरकतात. ट्रॅकर (ताऱ्यांच्या गतीने कॅमेरा फिरवणारे यंत्र) लावता येतो, वीस-पंचवीस फोटो एकावर एक रचून नॉईज कमी करता येतो, म्हणजे एफ/२.८ ची उणीव वेळ देऊन भरून काढता येते. ध्रुवीय प्रकाशाला हा उपाय चालत नाही. तो जोरात असताना त्याच्या पडद्याच्या चुण्या दोन-तीन सेकंदांत जागा बदलतात. दहा सेकंद शटर उघडे ठेवले तर सगळ्या चुण्या मिसळून नुसता हिरवा धूर उरतो. एफ/१.८ ला दीड-दोन सेकंदांत जे मिळते त्यासाठी एफ/२.८ ला चार-पाच सेकंद लागतात, आणि एवढ्यात चित्रातली नक्षी गेलेली असते. शिवाय प्रकाश कधी कधी डोक्यावरून दोन्ही क्षितिजांपर्यंत पसरतो, त्यामुळे २० मि.मी. अपुरी पडते. २०२४ च्या सुमारास सूर्याच्या सक्रियतेचे २५ वे चक्र शिगेला पोहोचले तेव्हा इथे आलेल्या कित्येक पाहुण्यांकडे १६-३५ एफ/४ झूम होते आणि त्यांची हळहळ मी ऐकली आहे.

माझ्या मते म्हणूनच प्रश्न ‘१४ की २०’ असा ठेवण्याआधी ‘माझा विषय थांबतो का’ असा ठेवावा. थांबणाऱ्या विषयासाठी जलद लेन्स ही सोय आहे, न थांबणाऱ्यासाठी तिला पर्याय नाही.

थंडीबाबत एक ओळ: सिग्माने २०२३ मध्ये मिररलेससाठी काढलेल्या १४ मि.मी. एफ/१.४ आर्टला दव रोखणाऱ्या हीटरची पट्टी अडकवायला मुद्दाम कड दिलेली आहे, फोकस कुलूपबंद करण्याचा खटका आहे, ट्रायपॉडची कॉलर आहे. ती खास रात्रीच्या आकाशासाठी बनवलेली लेन्स आहे आणि कोपऱ्यांतले तारे तिचे आणखी नेटके येतात. वजन मात्र साडेअकराशे ग्रॅमच्या आसपास. मी गाडीतून उतरून शंभर पावलांवर ट्रायपॉड लावतो, म्हणून मला ते चालते.

रातकिडा

उत्तरायण यांचा मुद्दा मला पटला. आपल्याकडे त्याच्या जवळ जाणारा विषय उल्कावर्षावाचा आहे. डिसेंबरच्या १३-१४ तारखांना मिथुन राशीतल्या उल्कांचा वर्षाव असतो, तेव्हा महाराष्ट्रात आकाशही स्वच्छ असते. तिथे मात्र एफ-क्रमांकाचा फायदा पुन्हा छिद्राच्या व्यासाकडे जातो, कारण उल्का हा पळता बिंदू आहे. १४ मि.मी. २० मि.मी.पेक्षा आकाशाचा सुमारे दीडपट भाग पाहते, पण तिचे छिद्र क्षेत्रफळाने निम्मे आहे, त्यामुळे अंधूक उल्का निसटतात. ठळक उल्काच हव्या असतील तर १४ चालेल.

रानफूल

कासच्या पठारावर आणि पावसाळी सड्यांवर काम करणाऱ्यांच्या बाजूने लिहिते. विस्तृत लेन्सने फुलाच्या अगदी जवळ जाऊन मागे पठार आणि ढग घेणे हा माझा आवडता प्रकार आहे. १४ मि.मी. जीएमचे किमान फोकस अंतर २५ सेंटिमीटर आणि विवर्धन केवळ ०.१ पट आहे. म्हणजे ३६ मि.मी. रुंदीच्या सेन्सरवर सुमारे ३६ सेंटिमीटर रुंदीचा पट्टा येतो आणि सीतेची आसवे त्यात जवळजवळ हरवतात. २० मि.मी. एफ/१.८ जीचे विवर्धन ०.२ पट आहे. सोनीने २०२५ मध्ये आणलेली १६ मि.मी. एफ/१.८ जी तर ०.२५ पटीपर्यंत जाते, ३०४ ग्रॅमची आहे आणि तिलाही ६७ मि.मी.चाच फिल्टर लागतो. रात्रीच्या ताऱ्यांपलीकडे लेन्सचा उपयोग करणार असाल तर हे आकडे तीक्ष्णतेच्या तक्त्यांआधी पाहावेत.

फिल्टरचा प्रश्न पावसाळ्यात फार मोठा होतो. १४ मि.मी.चे पुढचे भिंग फुगीर आहे आणि हूड जोडूनच येते, म्हणून पुढे स्क्रूचा फिल्टर बसत नाही. मागच्या बाजूला जिलेटिनचा तुकडा कापून सरकवायची सोय आहे. कल्पना करा, धबधब्यासमोर धुके दाटले आहे, पाऊस तिरका येतो आहे, आणि एनडी (प्रकाश कमी करणारा) फिल्टर बदलण्यासाठी लेन्स कॅमेऱ्यातून काढायची आहे! मी तरी सेन्सर उघडा टाकणार नाही. फुगीर भिंगावर पडलेला थेंबही जास्त छळतो, कारण हूड आखूड असल्याने त्याला अडवणारे काही नसते.

पोलरायझर (आकाश गडद करणारा फिल्टर) बसत नाही याची मात्र फार खंत करू नये. एवढ्या रुंद कोनात आकाशाचा एकच पट्टा गडद निळा होतो आणि बाकीचे आकाश फिकट राहते. ते दिसायला वाईटच दिसते.

नवा गडी

मी या क्षेत्रात नवीन आहे, म्हणून प्रश्न कदाचित भाबडा वाटेल. सोनीची १४ मि.मी. जाहीर झाली तेव्हा अमेरिकेत तिची किंमत १,५९९ डॉलर होती, आणि व्हिलट्रॉक्सची १६ मि.मी. एफ/१.८ त्याच्या निम्म्याहूनही कमी किमतीत मिळते. जुनी सम्यांगची हाताने फोकस करायची १४ मि.मी. एफ/२.८ त्याहून स्वस्त आहे. सुरुवात तिथून करून एखादा ट्रॅकर घेणे शहाणपणाचे नाही का?

कातळकडा

प्रश्न अजिबात भाबडा नाही. व्हिलट्रॉक्सची १६ मि.मी. मी एका मित्राकडून घेऊन वापरली आहे. ५५० ग्रॅमच्या आसपास वजन, ७७ मि.मी.चा साधा फिल्टर, आणि वर फोकसचे अंतर दाखवणारा छोटा पडदा, जो अंधारात कामाला येतो. तारांकित आकाशासाठी ती तिच्या किमतीला साजेशीच नव्हे तर त्याहून सरस आहे, असे माझे मत झाले. सम्यांगची १४ मि.मी. कोम्याच्या बाबतीत चांगली आहे, पण तिचे डिस्टॉर्शन मिशीसारखे लाटदार आहे. क्षितिज चौकटीच्या खाली आले की समुद्रही वाकतो आणि योग्य प्रोफाइल नसेल तर तो हाताने सरळ होत नाही. शिवाय अशा लेन्सच्या नगानगांत फरक फार असतो.

ट्रॅकर घेतला तर एफ/२.८ पुरेल हे खरे. मात्र ट्रॅकर तारे थांबवतो आणि जमीन फिरवतो. म्हणजे कड्याचा फोटो वेगळा, आकाशाचा वेगळा, आणि मग घरी बसून दोन्हींची शिवण. झाडांच्या फांद्यांमधून आकाश दिसत असेल तर ही शिवण नीट होतच नाही. शिवाय ध्रुव तारा शोधून ट्रॅकर लावायचा, आणि आपल्या अक्षांशावर तो जेमतेम साडेअठरा अंशांवर, बहुधा डोंगराआड. मला एकाच एक्स्पोजरमधला फोटो हवा असतो. ही आवड झाली, नियम नव्हे.

चलचौकट

व्हिडिओच्या बाजूने थोडक्यात. ४६० ग्रॅम वजनामुळे ही लेन्स छोट्या गिंबलवर (कॅमेरा तोलून धरणाऱ्या मोटरच्या दांडीवर) सहज तोलली जाते. अ‍ॅपर्चरच्या रिंगची टकटक खटक्याने बंद करता येते. पण हातात धरून चालताना कॅमेऱ्यातल्या स्थिरीकरणावर विसंबू नका. सेन्सर हलवून मध्यभाग स्थिर होतो तेव्हा वर सांगितलेल्या त्याच ताणामुळे कोपरे वेगळ्या प्रमाणात हलतात, आणि चित्राच्या कडा जेलीसारख्या डुलतात. १४ मि.मी.ला हे २० मि.मी.पेक्षा ठळक दिसते. चालताना स्थिरीकरण बंद ठेवून गिंबल वापरलेला बरा.

रातकिडा

आता धागाकर्त्यांच्या दुसऱ्या प्रश्नाकडे वळतो, कारण त्यावर अजून कोणी लिहिलेले नाही आणि पैसे तिथेच वाया जातात.

विटांच्या भिंतीची चाचणी या लेन्ससाठी मी करत नाही. १४ मि.मी.ची चौकट भरायला भिंतीच्या इतके जवळ जावे लागते की कॅमेरा अर्धा अंश तिरका झाला तरी एक बाजू मऊ दिसते आणि निर्दोष लेन्सवर आळ येतो. त्याऐवजी रात्री दूरवरचा एकच दिवा निवडावा, निदान अर्धा-एक किलोमीटर लांबचा. कॅमेरा ट्रायपॉडवर ठेवून दिवा मध्यभागी आणावा आणि एफ/१.८ वर, पडद्यावर मोठे करून, हाताने फोकस करावा. फोकसला हात न लावता तोच दिवा एकामागून एक चारही कोपऱ्यांत, कडांपासून सारख्या अंतरावर आणून फोटो घ्यावेत. चारही कोपऱ्यांतल्या ठिपक्यांचा आकार सारखा आणि मध्याभोवती सममित असेल तर भिंगे सरळ बसलेली आहेत. तीन कोपऱ्यांत बारीक पंख आणि चौथ्यात धूमकेतू दिसत असेल तर तो नग परत करावा, मग कंपनी कोणतीही असो. माझ्याकडे आलेल्या एका महागड्या लेन्सचा उजवा वरचा कोपरा असाच निघाला होता. दुकानदाराने मध्यभाग मोठा करून दाखवून ‘किती शार्प आहे पाहा’ म्हटले.

चारही कोपरे सारखेच मऊ असतील तर लगेच निराश होऊ नये. दिवा कोपऱ्यात असताना तिथे पुन्हा फोकस करून पाहावा. ठिपका बारीक झाला तर ते फील्ड कर्व्हेचर आहे, म्हणजे फोकसचा पृष्ठभाग सपाट नसून वाकलेला आहे. आकाशासाठी अशा वेळी फोकस मध्यावर न करता मध्य आणि कोपरा यांच्या तिसऱ्या हिश्श्यावरच्या ताऱ्यावर करतात. मध्याची किंचित तीक्ष्णता जाते आणि कडा सावरतात.

फोकस करताना सोनीच्या बऱ्याच कॅमेऱ्यांतली ‘ब्राइट मॉनिटरिंग’ ही सोय एखाद्या बटणावर बसवून घ्यावी, अंधारात चौकट जुळवायला तिचा फार उपयोग होतो. या लेन्सला अनंताचा कठीण थांबा नाही, रिंग विजेवर चालते. म्हणून कॅमेरा बंद-चालू केल्यावर, आणि रात्र थंड होत गेल्यावर, फोकस पुन्हा तपासावा.

कातळकडा

या पद्धतीबद्दल मनापासून आभार. भाड्याच्या नगावर हीच चाचणी करीन, आणि त्याच रात्री २० मि.मी. उभी धरून तोच कडा टिपून पाहीन. रानफूल यांचे आकडे वाचून १६ मि.मी. एफ/१.८ जीचाही विचार डोक्यात शिरला आहे, कारण उभ्या चौकटीत तिला ९६-९७ अंश मिळतात आणि पावसाळ्यातही ती घरी पडून राहणार नाही. तसे झाले तर उत्तरायण यांच्या गावी येण्याचा योग येईपर्यंत १४ मि.मी. लांबणीवर टाकता येईल. एकच विचारायचे राहिले: शहराचा पिवळा उजेड कमी करणारा जिलेटिनचा फिल्टर मागे लावला तर चाचणीत काही फरक पडतो का?

रातकिडा

पडतो. मागच्या बाजूचा फिल्टर प्रतिमा बनवणाऱ्या किरणांच्या वाटेत येतो आणि आपल्या जाडीच्या सुमारे एक-तृतीयांशाने फोकस मागे सरकवतो. तुकडा ०.१ मि.मी. जाड धरला तरी ही सरक ०.०३ मि.मी.च्या घरात जाते, आणि एफ/१.८ वर ताऱ्याचा ठिपका फुगायला एवढे पुष्कळ झाले. म्हणून फिल्टर आधी बसवावा आणि फोकस नंतर करावा. तुकडा कापताना लेन्सबरोबर येणारा साचा वापरावा, कारण तो सुरकुतला किंवा तिरका बसला तर एका कोपऱ्यातले तारे बिघडतात आणि दोष भिंगांचा आहे असे वाटू लागते. लेन्सच्या नगाची पहिली चाचणी फिल्टरशिवायच करावी.